खारोळी बेटावरचा पाणदिवा

रविवारी सकाळी साडेआठ वाजता धक्क्यावर एकशे चाळीस माणसं उभी होती, होडीत जागा साठांची होती आणि फेऱ्या दोनच होणार होत्या. तरीही कुणी मागे राहत नसे. दिनानाथ गाइडच्या म्हणण्याप्रमाणे हाच पाणज्योत मातेचा पहिला चमत्कार. दुसरा बेटावर गेल्यावर, जेवणाआधी.

तिकिटावर छापलं होतं, ‘खारोळी बेट : एक दिवसाची निसर्ग व देवालय सहल. चहा, नाश्ता, शाकाहारी थाळी आणि साक्षात्कार समाविष्ट.’ साक्षात्काराखाली बारीक अक्षरांत ‘भरती-ओहोटीनुसार’ असंही होतं, कारण दिनानाथ सावध माणूस होता. पूर्वी तो बोईसरमध्ये दारोदार फिरून पाणी शुद्ध करायची यंत्रं विकायचा. त्यात काही जम बसला नाही, म्हणून आता तो पाणी पेटवून दाखवायचा.

रांगेत कारखान्यांतून सुट्टी मिळालेली कुटुंबं होती, नव्या बुटांत आलेले कॉलनीतले लोक होते, डब्यात घावणे घेऊन आलेल्या वाडीवाल्या बायका होत्या. आणि त्यांच्यामधून काही माणसं अशी होती की जी सेल्फी काढत नव्हती. त्यांच्या हातात कुणाचा तरी फोटो असायचा, प्लास्टिकच्या पिशवीत घातलेला. दिनानाथ त्यांना ओळखून पुढे घ्यायचा. ‘हरवलेवाले आधी! हरवलेवाले डावीकडून या!’ तो गळ्यातल्या माइकवरून ओरडायचा, हॉटेलात पार्सलवाल्यांना आधी घेतात तसा.

मेघाली हरवलेवाल्यांत होती. तिचं वय चोवीस. शेजारी तिची सासू, सुलूबाई. दोघींचा हा पाचवा रविवार.

हरवला होता विपुल. एकीचा नवरा, दुसरीचा एकुलता एक मुलगा. बोईसरला बन्सीशेठच्या वर्कशॉपात तो गॅस वेल्डर होता. एका मच्छीमार होडीच्या इंजिनाखालचा सांगाडा त्याने जोडून दिला होता आणि आपलं काम टिकतंय का, हे बघायला तो होडीबरोबर समुद्रात गेला. काम टिकलं. होडी उलटली. बरोबरचे दोघे पोहत किनाऱ्याला आले आणि विपुल कुठाय, असं त्यांनीच इतरांना विचारलं.

होडी सुटली तसा दिनानाथ सुटला.

‘उजवीकडे बघा, तिवरं! साधं झाड समजू नका. हे झाड खारं पाणी पितं आणि गोड श्वास सोडतं!’

‘गोड श्वास म्हणजे?’ कॉलनीतल्या एका गृहस्थांनी विचारलं.

‘ऑक्सिजन, साहेब. पण भक्तीचा ऑक्सिजन.’

गृहस्थांनी तो छाती भरून घेतला.

समोर दिसेल तो पांढरा पक्षी दिनानाथच्या हिशेबी सायबेरियाहून मातेच्या दर्शनाला आलेला असायचा. त्यातला एक बगळा रोज पाम गावच्या भातखाचरात उभा असतो, हे मेघालीला पक्कं ठाऊक होतं. त्याचा एक पाय जरा वाकडा होता. पण पाच रविवार ती गप्प होती. ज्या बाईचा नवरा समुद्रात गेलाय तिने बगळ्याच्या गावावरून वाद घालणं बरं दिसत नाही.

बेटावर देवळं पाच. चार गेल्या वर्षी सिमेंटात उगवलेली. पाचवं खरं जुनं, म्हणजे देऊळही नव्हे, उंडीच्या झाडाखाली शेंदूर फासलेले दोन दगड. हंगाम सुरू व्हायच्या आधी कोळी तिथे नारळ फोडत. ते दगड कुणाला काही सांगत नसत आणि त्यांना कुणी काही विचारतही नसे. दिनानाथ त्यांच्यापुढे चाळीस सेकंद थांबवायचा. गर्दी खेचणारं देऊळ होतं निळ्या टाइल्सचं, पाणज्योत मातेचं. आत मूर्तीपुढे परातीएवढा पितळी दिवा. दिव्यात कापसाचा थर, त्यावर झेंडूची फुलं.

‘मोबाईल बाहेर!’ दिनानाथ दारात उभा राहून सांगायचा. ‘मोबाईलच्या लहरींनी मातेचं नेटवर्क तुटतं. माचिस बाहेर, लायटर बाहेर! हा दिवा बघा. तेल आहे? नाही! वात आहे? नाही! काडी लावणार? नाही! ज्या समुद्रानं तुमचा माणूस नेला त्याच समुद्राचं पाणी, तुमच्याच ओंजळीनं. माणूस जिवंत असेल तर पाणी पेटेल. नसेल तर पेटणार नाही. माता कुणाला खोटा दिलासा देत नाही!’

हे शेवटचं तो फार गंभीरपणे म्हणायचा. मग पुजारी मिथुन कापराची आरती ओवाळायचा, हरवलेवाला पाणी ओतायचा, फुलांखालून बुडबुड्यांचा आवाज यायचा आणि भक्क करून पिवळीधमक ज्योत उठायची. ‘जिवंत आहे!’ दिनानाथ ओरडायचा. बायका रडायच्या. छतावरची काजळी आणखी एक बोटभर वाढायची. विझल्यावर दिव्यात उरलेला पांढरा चिखल कपाळाला लावायला विभूती म्हणून मिळायचा. एक कामगार तर तो घरी नेऊन तंबाखूत मळायचा आणि झकास लागतो म्हणून सांगायचा.

दिवा लागला नाही, असं आजवर एकदाही झालेलं नव्हतं. दहावीच्या क्लासवाल्यांनाही असा निकाल कधी जमला नाही.

पहिल्या रविवारी सुलूबाईंनी पाणी ओतलं तेव्हा ज्योतीच्या आधी वास आला होता. लसूण जळून कुजावा तसला. बाकीच्यांनी पदर नाकाला लावले. सुलूबाईंनी मात्र डोळे मिटले आणि मान पुढे नेली.

‘विपल्या!’ त्या म्हणाल्या. ‘मेघाली, अगं वास घे. आपला विपल्या हाय!’

आणि होताच. रोज संध्याकाळी वर्कशॉपातून विपुल यायचा तेव्हा त्याच्या शर्टाला, केसांना, डब्यालासुद्धा हाच वास असायचा. बन्सीशेठ जुन्या पद्धतीने काम करायचा, कार्बाइडच्या खड्यांवर पाणी सोडून गॅस तयार करायचा. तो गॅस विपुलच्या अंगात मुरला होता. मेघाली त्याचे कपडे वेगळ्या बादलीत धुवायची. लग्नानंतर पहिले आठ दिवस तिला त्या वासाने जेवण जात नव्हतं. विपुल म्हणायचा, ‘ह्याची सवय कर, नायतर मला सोड.’ तिने सवय केली होती.

त्यामुळे फुलांखाली काय आहे, हे तिला पहिल्या रविवारीच कळलं. क्षणात कळलं. आणि तरी ती काही बोलली नाही, कारण सासूच्या खांद्यावरून वाकून तिनेही एक खोल श्वास घेतला होता. मग पुढचे चार रविवारही घेतला.

*

पाचव्या रविवारनंतरच्या सोमवारी हवालदार मनीष घरी आला. तो बराच वेळ पाणी पीत राहिला. ग्लास रिकामा झाला तरी पीत होता.

शेवटी तो म्हणाला, ‘वर, पलीकडच्या राज्याच्या किनाऱ्याला एक बॉडी लागली होती. विपुल गेल्याला बारावा दिवस होता तेव्हा. कागद फिरत फिरत आता आलाय. ओळख पटण्यासारखं काय नाय. चेहरा नाय, शर्ट नाय. हाफ पँट हाय, पण तसली माझ्याकडंपण हाय. तिकडच्या दवाखान्यात ठेवलीय. मंगळवारपर्यंत कोणी पुढं आलं नाय तर बेवारस म्हणून पुरतील. उद्याचा नाय, पुढचा मंगळवार. रक्त दिलं की जुळवून बघतील.’

‘माझं घ्या,’ मेघाली हात पुढे करत म्हणाली.

‘तुमचं चालत नाय, वहिनी. रक्ताचं माणूस पायजे. आईच. बाप तर नाय, भाऊ-बहीण नाय.’

मेघालीने हात मागे घेतला. सात फेरे घेतले होते, सत्यनारायण घातला होता, दोन वर्षं त्या माणसाचे कपडे वेगळ्या बादलीत धुतले होते. पण रक्तात त्याची कुठे नोंद नव्हती.

‘मी नाय देनार,’ सुलूबाई म्हणाल्या.

‘काकी, नुसती सुई—’

‘सुईला नाय भ्यायले मी. काल दिवा लागला. माझा पोर जिता हाय. जित्या पोराचं रक्त मी मड्याशी जुळवू? उद्या तो दारात आला नि बोलला, आये, तू मला मारून बसलीस, तर काय सांगू?’

हवालदाराने मेघालीकडे पाहिलं. मेघालीने जमिनीकडे. एकूण आठ दिवस होते.

दुसऱ्या दिवशी ती बोईसरला बन्सीशेठकडे गेली. बन्सीशेठ नगरकडचा, आवाज मोठा आणि मन त्याहून.

‘कशाला पाहिजे कार्बाइड?’

‘आईंना दाखवायचंय.’ तिने सगळं सांगितलं.

बन्सीशेठने कपाळावर हात मारला. ‘आयला, म्हंजे माझ्या धंद्याचा माल मूर्तीम्होरं ठेवलाय व्हय! आन् माझ्या दुकानात तर एक गिऱ्हाईक पाया पडत नाही.’ तो हसायला गेला, आणि मधेच त्याचा चेहरा मोडला. विपुलचा हातमोजा अजून खिळ्याला लटकत होता. त्याने पत्र्याच्या डब्यातून दोन करडे खडे कागदात बांधून दिले. ‘जपून. दारं-खिडक्या उघडून. आन् तोंड लांब.’

दुपारी मेघालीने मागच्या पडवीत स्टीलची वाटी मांडली. खडे ठेवले, वर कापूस, त्यावर अंगणातली दोन फुलं. सासूला हाताला धरून लांब पाटावर बसवलं.

‘आई, बघा. ही आपली वाटी. हे नळाचं पाणी. समुद्र नाय, माता नाय, दिनानाथ नाय.’

तिने पाणी ओतलं. बुडबुडे आले. वास आला. लांबूनच तिने कापूर पुढे केला आणि ज्योत उठली, बेटावरच्यासारखीच, तितकीच काजळी टाकणारी.

‘झालं,’ मेघाली म्हणाली. ‘एवढंच हाय ते.’

सुलूबाई ज्योतीकडे बघत राहिल्या. हळूहळू त्यांचा सगळा चेहरा उजळला.

‘घरी पन आला,’ त्या म्हणाल्या. ‘बघ, घरी पन आला गं!’

मेघालीने सगळ्याचा विचार केला होता. सासू रागावेल, रडेल, वाटी फेकून देईल. एवढ्या एकाचाच केला नव्हता.

‘आई, हे कार्बाइड हाय! बन्सीशेठच्या डब्यातलं!’

‘ज्या डब्याला तो रोज हात लावायचा त्याच डब्यातलं ना? मग त्याच्यातून दुसरं कोन येनार?’

याला तर्काच्या पुस्तकात उत्तर असेल. पडवीत नव्हतं. मेघाली तिथेच भिंतीला टेकून खाली बसली. महिनाभर ती सगळ्यांसमोर शहाण्यासारखी वागली होती, चौकशीला येणाऱ्यांना चहा देत होती. आता तिला ते जमेना.

‘मलापन हवाय तो वास,’ ती म्हणाली. ‘त्याचा शेवटचा शर्ट मी अजून धुतला नाय, आई. उशीच्या खोळीत घातलाय. रोज काढते नि हुंगते. पन तो शर्ट हाय. विपुल नाय. विपुल कुठंतरी पडला असंल थंडीत एकटा, नि त्याला न्यायला आपन जात नाय, कारन आपल्याला हितं वास येतोय.’

 वाटीतली ज्योत बारीक झाली.

‘हा लागायचा थांबतो कधी?’ सुलूबाईंनी विचारलं.

‘खडा संपला की.’

‘नि नाव?’

‘नावाचं काय? कोनाचंपन घ्या. पानी पडलं की लागनारच.’

सुलूबाईंनी ज्योत विझू दिली आणि वाटी उचलून आत नेली.  शनिवारी संध्याकाळी म्हणाल्या, ‘उद्या बेटावर जायचं.’

मेघालीला वाटलं, संपलं. मंगळवारला तीन दिवस होते.

*

सहाव्या रविवारी गर्दी आणखीच होती. बगळा सायबेरियाहून वेळेवर पोचला होता. भक्तीचा ऑक्सिजन मुबलक होता.

देवळात सुलूबाईंच्या आधी सालवडच्या रखमाबाई होत्या. त्यांचा मुलगा आठ महिन्यांपूर्वी कामाला म्हणून गेला तो आलाच नव्हता. तो समुद्रात गेलाच नव्हता, तो रिक्षात बसून गेला होता. पण दिनानाथच्या मते समुद्र सगळीकडे जोडलेला असतो. रखमाबाईंचा दिवा लागला. त्या हात जोडून बाजूला झाल्या. मिथुनने दिवा मूर्तीमागे नेऊन विभूती काढली आणि पुन्हा भरून आणला, नवा कापूस, नवी फुलं.

‘या आजी, या!’ दिनानाथने माइक पुढे केला. ‘नाव घ्या आपल्या लेकराचं!’

‘कृष्णकांत,’ सुलूबाई म्हणाल्या.

मेघालीने चमकून वर पाहिलं.

दिनानाथही जरा अडखळला. ‘मागच्या वेळी दुसरं नाव होतं ना?’

‘हा दुसरा. माझा मालक.’

‘अरेरे! तेही हरवले? कधी?’

‘सहा वर्षं झाली. घरातूनच गेला. चार जनांनी उचलून नेला, तो परत आला नाय.’

‘अपहरण!’ दिनानाथ माइकवर गरजला. गर्दीत कळवळ्याची लाट उठली. ‘चौघांनी भरदिवसा उचलून नेला आणि सहा वर्षं या माउलीला कुणी दाद दिली नाही! पण माता दाद देणार. ओता, आजी!’

मिथुन आरती ओवाळू लागला. सुलूबाई भरलेली ओंजळ दिव्यावर धरून थांबल्या. मेघालीला ते तेव्हा कळलं. त्या बाईला दिवा लागायला नको होता. तिच्या आयुष्यात पहिल्यांदाच ती देवापुढे उभी राहून नाही म्हण, नाही म्हण, असं म्हणत होती. कारण या नावाला दिवा विझलेला राहिला असता, तर विपुलच्या नावाचे पाचही दिवे खरे झाले असते.

पाणी पडलं. भक्क.

‘जिवंत आहेत!’ दिनानाथने दोन्ही हात वर केले, डोळे मिटले आणि आज माता विशेष प्रसन्न असल्यामुळे थोडा तपशीलही दिला. ‘पूर्वेला आहेत! जेवण वेळेवर मिळतंय! जरासा खोकला आहे, पण चिंता नको. दिवाळीच्या आत घरी येतील!’

टाळ्या पडल्या. सुलूबाई त्या थांबेपर्यंत थांबल्या.

‘खोकला होता त्याला,’ त्या म्हणाल्या. माइक समोरच होता, त्यामुळे बाहेरच्या रांगेलाही ऐकू गेलं. ‘त्याच खोकल्यानं गेला. टीबी होता. माझ्या मांडीवर डोकं होतं. चौघांनी खांदा दिला, माझ्या विपल्यानं अग्नी दिला, मडक्याला फडकं मी बांधलं. आता तो दिवाळीला आला तर त्याला अंथरायला माझ्याकडं गोधडी पन नाय. ती त्याच्याबरोबरच गेली.’

मागे कुणीतरी फसकन हसलं. मग त्याला स्वतःचीच लाज वाटली असावी, कारण तो आवाज लगेच बंद झाला.

‘म्हंजे,’ सुलूबाई म्हणाल्या, ‘म्हंजे माझ्या विपल्याचं पन...’

वाक्य पुरं झालं नाही. त्या खाली बसल्या, सावकाश, पाण्यात उतरावं तशा. मेघालीने त्यांना मागून धरलं. पाच रविवार ज्या बाईने पोराला जिवंत ठेवलं होतं, तिने आज स्वतःच्या हाताने, सगळ्या गर्दीसमोर, त्याला मरू दिलं होतं.

‘मातेची परीक्षा घेता?’ दिनानाथ ओरडला. ‘पाप आहे हे! देवाला कसोट्या लावता? मिथुन, दार लाव!’

मेघाली उठली. तिला भाषण करता येत नव्हतं. आवाज फुटत होता, नाक वाहत होतं. पण कपड्यांतून तो गॅस दोन वर्षं धुऊन काढलेली त्या देवळात ती एकटीच होती.

‘दार नको लावू, आत गॅस हाय,’ ती म्हणाली. ‘नि मिथुनदादा, नवीन दिवा भर. आता ती आरती बाहेर ठेव. बाहेर म्हंजे बाहेर, रस्त्यावर. आता मी पानी ओतते.’

मिथुनने दिनानाथकडे पाहिलं, मग खाली बसलेल्या म्हातारीकडे. त्याने दिवा भरला आणि आरती बाहेर नेऊन ठेवली. मेघालीने ओंजळभर पाणी ओतलं. बुडबुडे आले. वास आला. सगळे माना लांब करून बघत राहिले. ज्योत आली नाही.

‘काडी नाय, काडी नाय म्हनत होते ना?’ मेघाली म्हणाली. ‘काडी नव्हतीच. आरती होती. आरतीला आपन कोनी आग म्हनत नाय, म्हनून कोनाला दिसली नाय. ह्या कापसाखाली कार्बाइडचे खडे हायेत. वेल्डिंगवाले वापरतात. पानी पडलं की गॅस सुटतो, आरतीचा जाळ लागला की पेटतो. समुद्राचं पानी घाला, नळाचं घाला, गटाराचं घाला. कोनाचं नाव घ्या, नका घेऊ. मागं उरतो तो चुना. माझ्या आईंच्या कपाळाची साल निघालीय, ती चुन्यानं.’

तिने पळीने कापूस बाजूला सारला. खाली करडे खडे होते, फेसाळत, विरघळत. त्यांत देवाचं काही दिसत नव्हतं आणि माणसाचंही.

‘चुना?’ तंबाखूवाला कामगार म्हणाला. ‘तरीच इतका झकास लागत होता.’

आता गर्दीला कंठ फुटला. कुणी दिनानाथची कॉलर धरली, कुणी मोबाईल आणायला बाहेर धावलं, कॉलनीतल्या गृहस्थांनी हे आपल्याला केव्हाच कळलं होतं असं तीन जणांना सांगितलं, आणि मागून एका बाईने थाळी मिळणार की नाही, अशी चौकशी केली. दिनानाथ कॉलरमधूनच म्हणाला, ‘थाळी समाविष्ट आहे.’

पण हरवलेवाले ओरडत नव्हते. ते भिंतीला लागून उभे होते, एकमेकांकडे न बघता. रखमाबाई मेघालीपाशी आल्या आणि अगदी हळू आवाजात म्हणाल्या, ‘काय मिळालं गं तुला? आठवड्यातून एक दिवस होता माझा.’

 मेघालीने हात जोडले.

*

सोमवारी सकाळी सुलूबाई दवाखान्यात गेल्या. दंडाला रबर बांधणाऱ्या मुलीने विचारलं, ‘कोणासाठी देताय?’ त्या म्हणाल्या, ‘पोरासाठी.’ मुलगी म्हणाली, ‘बरा होईल हां, काकी.’ त्या म्हणाल्या, ‘हो.’

अहवाल यायला तीन आठवडे लागले. तो आणताना हवालदार मनीषने या वेळी पाणी मागितलं नाही. कागदावर लिहिलं होतं की जुळण्याची शक्यता नव्व्याण्णव पूर्णांक नऊ नऊ टक्के. मेघालीने वाचून दाखवलं आणि कागद खाली ठेवला. सुलूबाईंनी तो उचलला, उलटा-सुलटा केला.

‘शंभराला किती कमी पडतात?’

‘अगदी एवढंसं, आई. शून्य पूर्णांक शून्य एक.’

‘ते कशाला ठेवलंय?’

‘तसं लिहितातच.’

‘आसं,’ त्या म्हणाल्या आणि बराच वेळ त्या एवढ्याशाकडे बघत बसल्या. मग त्यांनी हिशेब केला, बोटांवर. बाराव्या दिवशी सापडला. त्यानंतर चार रविवार. ‘चार वेळा तो दिवा बोलला, जिवंत हाय. चार वेळा मी नारळ वाढवला. नि माझा पोर तिकडं फळीवर होता, पायाला नंबर बांधून.’ त्या वर बघून म्हणाल्या, ‘मेघाली, पहिल्या रविवारी तुला कळलं होतं ना?’

‘हो.’

‘बोलली का नाय?’

‘मलापन वास येत होता, आई.’

मग त्या दोघी रडल्या. आजवर एकमेकींना चुकवून रडत होत्या, तशा नव्हे. विपुलला घरी आणलं, तारापूरच्या स्मशानात, बापाला दिला होता तिथेच अग्नी दिला. या वेळी कुणाच्या कपड्यांना कसलाच वास नव्हता.

दिनानाथवर गुन्हा दाखल झाला आणि तो जामिनावर सुटला. दिवा पंचनाम्यात जमा झाला. सहल मात्र थांबली नाही. माता सध्या रुसली आहे, पण पुढच्या हंगामात नक्की पेटेल, असं नव्या तिकिटावर छापलं होतं, आणि धक्क्यावर रांग होती. थोडी लहान, पण होती. तिथे रखमाबाईही होत्या.

सुलूबाई मेघालीला घेऊन एका रविवारी धक्क्यावर गेल्या. तिकीट काढलं नाही. सरळ रखमाबाईंपाशी जाऊन उभ्या राहिल्या.

रखमाबाईंनी तोंड फिरवलं. ‘तुझा तरी मिळाला तुला. मला कशाला सांगायला आलीस, माझा पन मेलाय म्हनून?’

‘मी कुठं बोलली?’ सुलूबाई म्हणाल्या. ‘तुझा जिता असंल. असू दे बाई, शंभर वर्षं असू दे. पन ते दिव्याला ठावं नाय. दिव्याला माझा मालक मेलेला ठावं नव्हता, ज्याला अख्ख्या गावानं जाळला. ज्याला काय ठावंच नाय त्याला आपन किती दिवस विचारायचं? ज्याला शोधता येतं त्याला विचारू. पोलिसांत काय बोलले तुला?’

रखमाबाई पिशवीतला फोटो चाचपत राहिल्या.

‘तक्रार दिलीस ना?’

‘नाय.’

‘आठ महिने?’

‘दिवा लागत होता ना,’ रखमाबाई म्हणाल्या. ‘येनारच होता तो. मग कशाला द्यायची?’

होडीचा भोंगा झाला. हरवलेवाले आधी, असं माइकवरून आलं. रांग पुढे सरकली. रखमाबाईंच्या पुढे जागा झाली, मागची माणसं त्यांना ढोसू लागली. त्या हलल्या नाहीत.

‘आता कोन ऐकून घेनार?’ त्यांनी विचारलं. ‘ओरडतील मला. इतके दिवस कुठं होतीस, म्हनतील.’

‘म्हनतील,’ सुलूबाई म्हणाल्या. ‘मी बसते ना शेजारी. ओरडले की दोघी ऐकू.’

रखमाबाईंनी होडीकडे पाहिलं. मग त्या रांगेतून बाहेर पडल्या, आणि तिघी रिक्षा बघायला रस्त्याकडे निघाल्या.